वनमालाबाईंबद्दल वाचक विचारतात

साने गुरुजींच्या जयंतीच्या निमित्ताने आम्ही आचार्य अत्र्यांच्या ‘श्यामची आई’ या १९५३ सालच्या चित्रपटातले एक छायाचित्र छापले होते. खाली नटीचे नाव एवढेच होते: वनमाला. त्यावर धुळे, जळगाव आणि नंदुरबार जिल्ह्यांतून बरीच पत्रे आली. निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे देत आहोत.

अमळनेरहून एक शिक्षिका: आमच्याकडे गुरुजींच्या जयंतीला हा चित्रपट दाखवतात. मुले विचारतात, “मॅडम, ही श्यामनी माय खरी कोण?” नावापलीकडे काही सांगता येत नाही. पाच मिनिटांत बोलता येईल एवढी माहिती द्याल का?

त्यांचे मूळ नाव सुशीला पवार. जन्म १९१५ सालचा, उज्जैनचा. वडील ग्वाल्हेर संस्थानच्या सेवेत होते, त्यामुळे वाढल्या ग्वाल्हेरच्या मराठी वातावरणात. बी.ए. झाल्या, पुण्याला आल्या, तिथे शिक्षिकेचे काम केले. आचार्य अत्र्यांच्या वर्तुळातून त्या सिनेमात आल्या. पहिला चित्रपट १९४० सालचा ‘लपंडाव’.

पुढचे वर्ष महत्त्वाचे, आणि मुलांना ते जरूर सांगा. १९४१ साली त्यांचे दोन अगदी वेगळे चित्रपट आले. सोहराब मोदींच्या ‘सिकंदर’मध्ये पृथ्वीराज कपूर सिकंदर होते, मोदी स्वतः पोरस आणि वनमाला रुखसाना. ही भूमिका भरजरी पोशाखाची, ऐटीची. अत्र्यांच्या ‘पायाची दासी’त मात्र त्या सासुरवास सोसणारी सून होत्या आणि सासू होत्या दुर्गा खोटे. १९४२ मध्ये ‘वसंतसेना’, १९४४ मध्ये व्ही. शांताराम यांचा ‘परबत पे अपना डेरा’. ‘श्यामची आई’ आला तेव्हा त्या अडतिशीत होत्या. म्हणजे ज्या चेहऱ्याला महाराष्ट्र ‘आई’ म्हणून ओळखतो, तो चेहरा आधी बारा वर्षे नायिकेचा होता. आमच्या मते त्या भूमिकेचे बळ इथेच आहे. ही आई दुबळी किंवा रडवी दिसत नाही. ताठ मानेची बाई गरिबीत सापडली आहे असे वाटते, आणि म्हणूनच तिचे रागावणे मुलांना आजही खरे वाटते.

पुढे त्या सिनेमापासून दूर गेल्या आणि वृंदावनात अध्यात्माकडे वळल्या. २००७ साली ग्वाल्हेरला त्यांचे निधन झाले.

धुळ्याहून एक वाचक: वनमालाबाईंना राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले आणि त्या हिंदी-मराठी पडद्यावरची पहिली पदवीधर नटी होत्या, असे एका स्मरणिकेत छापले आहे. बरोबर का?

दोन्ही वाक्ये दुरुस्त करायला हवीत. सुवर्णपदक मिळाले ते चित्रपटाला. राष्ट्रीय पुरस्कार पहिल्यांदा १९५४ साली दिले गेले, ते १९५३ च्या चित्रपटांसाठी, आणि सर्वोत्कृष्ट कथापटाचे पदक ‘श्यामची आई’ला मिळाले. त्या वेळी अभिनयासाठी वेगळा राष्ट्रीय पुरस्कारच नव्हता. तो सुरू झाला १९६७ च्या चित्रपटांपासून, आणि पहिल्या खेपेला उत्तम कुमार आणि नर्गिस यांना मिळाला. तेव्हा “पदकविजेत्या चित्रपटातील प्रमुख अभिनेत्री” असे लिहा.

“पहिली पदवीधर” हे तर लिहूच नका. लीला चिटणीस पदवीधर होत्या आणि वनमालाबाईंच्या आधी, १९३० च्या दशकातच पडद्यावर आल्या होत्या. अल्पपरिचित कलावंताचे महत्त्व वाढवायला लोक हमखास ‘पहिली’ हा शब्द चिकटवतात. पुढे तो खोडला गेला की बाकीच्या खऱ्या माहितीवरचाही विश्वास उडतो.

एरंडोलहून एक विद्यार्थी: गुरुजींनी हा चित्रपट पाहिला होता का? त्याचे खानदेशाशी नाते काय?

पाहिला नव्हता. गुरुजी ११ जून १९५० रोजी गेले, चित्रपट त्यानंतर जवळजवळ तीन वर्षांनी आला. कथा कोकणातल्या पालगडची आहे, पुस्तक लिहिले गेले १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात. खानदेशाशी नाते गुरुजींच्या शिक्षकपणाचे: अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात ते शिकवत आणि तिथल्या वसतिगृहातली मुले सांभाळत. पुस्तकात श्याम रोज रात्री आश्रमातल्या सोबत्यांना गोष्ट सांगतो. ही मांडणी त्या वसतिगृहाची आठवण करून देते खरी, पण तो आमचा तर्क समजा.

चाळीसगावहून एक वाचक: वनमालाबाईंच्या चित्रपटांची यादी करायला घेतली आहे. तीन ठिकाणी तीन आकडे मिळाले. कुठला धरू?

सध्या कुठलाच धरू नका. यादी आपण स्वतः उभी करायची, आकडा शेवटी येतो.

मोठ्या वहीत आडवे पान घ्या आणि सात रकाने आखा: चित्रपट, भाषा, वर्ष, संस्था, दिग्दर्शक, भूमिका, पुरावा. शेवटचा रकाना सगळ्यांत रुंद ठेवा. पुराव्याला दर्जा द्या. प्रत्यक्ष चित्रपटाच्या टायटल्समध्ये नाव वाचले तर ‘अ’. त्या वेळी निघालेल्या गाण्यांच्या पुस्तिकेत असेल तर ‘ब’. त्या काळच्या नियतकालिकातली जाहिरात किंवा परीक्षण असेल तर ‘क’. नंतरच्या लेखात, स्मरणिकेत किंवा इंटरनेटवर असेल तर ‘ड’. केवळ ‘ड’वर उभी असलेली ओळ पेन्सिलीने लिहायची.

आकडे का जुळत नाहीत, याची कारणे ठरलेली आहेत. सर्वांत मोठे कारण द्विभाषी चित्रपट. ‘पायाची दासी’ मराठीत निघाला तसाच ‘चरणों की दासी’ या नावाने हिंदीतही निघाला, दोन्ही १९४१ चे. एकाने तो एक धरला, दुसऱ्याने दोन, की पुढची सगळी बेरीज चुकते. अशा वेळी ओळी दोन लिहाव्यात आणि महिरपी कंसाने जोडाव्यात. दुसरे कारण वर्ष. तयार झाल्याचे, सेन्सॉरचे आणि प्रदर्शित झाल्याचे अशी तीन वर्षे असू शकतात, आणि वर्षाच्या टोकाला आलेला चित्रपट दोन याद्यांत दोन वर्षांखाली दिसतो. प्रदर्शनाचे वर्ष धरा आणि ते कुठून घेतले ते लिहा. तिसरे कारण एकेरी नाव. त्या काळी अनेक नट्या आडनाव लावत नसत, त्यामुळे एकाच नावाच्या दोघींची कामे एकीच्या खात्यावर जमा होतात.

साधनांबद्दल सांगायचे तर बाबूराव पटेलांच्या ‘फिल्मइंडिया’ मासिकाचे १९३५ पासूनचे बरेच अंक स्कॅन होऊन इंटरनेटवर मोफत आहेत. १९४० ते १९४४ हे अंक आधी चाळा. केवळ परीक्षणे वाचून थांबू नका, पूर्ण पानाच्या जाहिरातीत संस्था आणि कलाकार नीट दिलेले असतात. पटेलांची मते मात्र पारखून घ्यावीत, त्यांची लेखणी फार तिखट होती. मराठी नियतकालिकांसाठी धुळ्याच्या गरुड वाचनालयासारख्या जुन्या वाचनालयांत विचारा. विचारताना “सिनेमाविषयी काही आहे का” असे मोघम विचारू नका. नियतकालिकाचे नाव आणि साल सांगितले की बांधलेले खंड निघतात. शेवटी पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. ते १९६४ साली सुरू झाले आणि २०२२ पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन आहे. तिथे पुस्तिका, छायाचित्रे आणि पोस्टरांचा मोठा संग्रह आहे. जाण्याआधी पत्र पाठवून वेळ घ्या, सोबत ‘अ’ ते ‘ड’ लावलेली यादी जोडा. कुठे अडले आहे ते समोरच्याला लगेच कळते.

साक्रीहून एक वाचक: धाब्याच्या (मातीच्या सपाट छताच्या) जुन्या घरात माळ्यावर पत्र्याच्या ट्रंकेत सिनेमाच्या गाण्यांची चोपडी सापडली. काही पानांना कसर लागली आहे. लॅमिनेशन करून ठेवू का?

लॅमिनेशन अजिबात नको. त्यात कागदाला उष्णता लागते, डिंक तंतूंत शिरतो आणि ते पुन्हा काढता येत नाही. सेलोटेपही नको. दहा वर्षांत ती पिवळी पडते आणि अक्षरांवर तेलकट डाग सोडते.

आधी ट्रंक माळ्यावरून खाली आणा. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या घरात जातो, छताखालची ट्रंक त्याहून तापते. पावसाळ्यात धाबे गळते, माती झरते. खालच्या खोलीतले, बाहेरच्या भिंतीला न टेकलेले लाकडी कपाट त्यापेक्षा कितीतरी बरे.

कसर जिवंत असेल तर चोपडी प्लॅस्टिकच्या जाड पिशवीत घालून, हवा काढून, तोंड घट्ट बंद करा आणि डीप फ्रीझरमध्ये दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी २४ तास उघडायची नाही. लगेच उघडली तर थंड कागदावर दव जमते आणि शाई फुटते. नंतर मऊ ब्रशने पानाच्या मधून कडेकडे झाडा. गंजलेली पिन ओढू नका. मागच्या बाजूने तिचे पाय बोथट सुरीने सरळ करा आणि मग उचला. पानांच्या घडीत पांढऱ्या सुती दोऱ्याचा सैल टाका पुरतो.

डांबरगोळ्या कागदाला टेकवू नका. कडुनिंबाचा पालाही पानांत नको, डाग पडतात. मऊ, वास येणारी पीव्हीसीची पाकिटे शाई ओढून घेतात. पॉलिएस्टरची कडक पाकिटे घ्या, न मिळाल्यास प्रत साध्या सुती कापडात गुंडाळा.

स्कॅन ६०० डीपीआयवर, रंगीत, टिफ स्वरूपात करा. ए-फोर आकाराचे एक पान १०० एमबीच्या आसपास जाते, त्यामुळे आधी जागा बघा. मोबाइलचे स्कॅनिंग अॅप कागद पांढराशुभ्र करण्याच्या नादात पेन्सिलीच्या खुणा पुसून टाकते. आणि त्या खुणाच कामाच्या असतात: समासात कुणीतरी लिहिलेली तारीख, टॉकीजचे नाव, तिकिटाचे आणे. मलपृष्ठ आणि कोरी पानेही स्कॅन करा.

शहाद्याहून एक वाचक: घरातले मोठे सांगतात की सारंगखेड्याच्या यात्रेत तंबूत पाहिलेल्या चित्रपटांत काही गाणी नव्हती, आणि आता पाहिले तर आहेत. आठवण चुकली का?

आठवण बरोबर असण्याचीच शक्यता जास्त. बोलपटाची ३५ मिलिमीटर फिल्म मिनिटाला ९० फूट धावते. हजार फुटांचे रीळ ११ मिनिटांचे, दोन हजारांचे २२ मिनिटांचे. तंबूत बहुधा एकच प्रोजेक्टर असे, म्हणून रीळ संपले की दिवे लागत आणि ऑपरेटर पुढचे चढवी. रिळाची सुरुवात आणि शेवट सर्वांत जास्त हाताळला जातो. तिथली फिल्मच्या कडेची भोके फाटत, फाटलेला तुकडा कापून जोड मारला जाई. एक फूट फिल्म म्हणजे १६ चौकटी, एका सेकंदाचा दोन तृतीयांश. दरेक जोडाला एक-दोन फूट गेले तरी गावोगाव फिरून आलेल्या प्रिंटमध्ये प्रसंग उडी मारू लागे. आवाजही तुटे, कारण ध्वनीची पट्टी त्याच फिल्मच्या कडेला असते. दिवसाचा तिसरा खेळ वेळेत संपवायला अख्खे गाणे गाळणारेही होते. असे सांगणारी मोठी माणसे घरात असतील तर गाव, यात्रा, साल आणि गाळलेला प्रसंग टिपून ठेवा.

पारोळ्याहून एक मुख्याध्यापक: शाळेत हा चित्रपट दाखवायला परवानगी लागते का? मागच्या वेळी सगळे चेहरे रुंद दिसले आणि संवाद कळले नाहीत.

भारतात चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे टिकतो, म्हणजे १९५३ च्या चित्रपटाचा २०१३ अखेर संपला. मूळ पुस्तकाचा गुरुजींच्या निधनानंतर ६० वर्षांनी, २०१० अखेर. मात्र गीतकार म्हणून अत्र्यांचा हक्क २०२९ अखेरपर्यंत आणि संगीतकार वसंत देसाई यांचा २०३५ अखेरपर्यंत धरावा लागतो, म्हणून गाणी वेगळी काढून कार्यक्रम किंवा व्हिडिओ करताना जपून. शाळेच्या उपक्रमात विद्यार्थी, शिक्षक आणि पालक एवढ्यांनाच दाखवायला कायद्यात सूट आहे. तिकीट लावून गावाला दाखवायचे असेल तर ती सूट लागू होत नाही. प्रत अधिकृत ठिकाणचीच घ्या.

चेहरे रुंद झाले ते प्रोजेक्टर १६:९ वर होता म्हणून. त्या काळची चौकट जवळजवळ ४:३. पडदा आठ फूट रुंद असेल तर चित्र सहा फूट उंच यायला हवे. सेटिंगमध्ये ‘आस्पेक्ट’ ४:३ करा, दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहिल्या तर राहू द्या. ‘झूम’ केले तर वरून डोकी कापली जातात.

आवाज एकाच वाहिनीचा, मधल्या पट्टीतला असतो. दोन्ही बॉक्स पडद्याच्या दोन बाजूंना ठेवा, मागे नकोत. ‘बास’ जवळजवळ शून्यावर आणा, ‘ट्रेबल’ थोडे वाढवा. मिक्सरवरचा एको बंद आहे का ते बघा, कारण भाषणाच्या कार्यक्रमानंतर तो बहुधा चालूच राहिलेला असतो. पत्र्याच्या सभागृहात आवाज घुमतो. मागच्या भिंतीवर सतरंज्या टांगल्या की संवाद उमटतात. चित्रपट अडीच तासांच्या आसपासचा आहे. पाचवीच्या खालच्या मुलांना एका बैठकीत झेपत नाही, दोन दिवसांत दाखवा.

आणखी एक काळजी. २०२३ साली याच नावाचा नवा चित्रपट आला आणि तोही कृष्णधवल आहे. इंटरनेटवर शोधताना दोन्हींची सरमिसळ होते. टायटल्समध्ये अत्रे आणि वनमाला ही नावे वाचून मगच जोडा.

शिरपूरहून एक वाचक: या सदरात स्मिता पाटील यांच्यावर लिहा.

त्यांचे वडील शिवाजीराव पाटील शिरपूरचे, हे खरे. पण स्मिताबाईंवर भरपूर लिहिले गेले आहे. हे सदर ज्यांच्यावर लिहिले गेले नाही त्यांच्यासाठी राखले आहे.

जळगावहून एक वाचक: वाड्यात फिल्मचा गोल डबा सापडला आहे. उघडला तर उग्र वास आला. काय करावे?

पट्टीची रुंदी मोजा. साडेतीन सेंटिमीटर असेल तर ती ३५ मिलिमीटरची. उजेडात धरून कडेला इंग्रजी अक्षरे बघा: ‘सेफ्टी’ असेल तर बरीचशी काळजी मिटली, ‘नायट्रेट’ (जुन्या काळची, चटकन पेटणारी फिल्म) असेल तर सावध. आंबट, व्हिनेगरसारखा वास सेफ्टी फिल्म सडू लागल्याचा. तपकिरी चिकट द्रव किंवा भुकटी दिसली तर ते नायट्रेट. सडलेले नायट्रेट ४१ अंशांच्या आसपास बराच काळ राहिले तर आपोआप पेटू शकते, आणि पेटल्यावर पाण्याने विझत नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या कोठाराला लागलेल्या आगीत जुन्या नायट्रेट प्रिंट गेल्या, त्या पुन्हा मिळणे नाही. तुकडा जाळून बघण्याचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका. डबा घराबाहेर, सावलीत, झाकण सैल ठेवून ठेवा. एसटीने किंवा कुरिअरने पाठवू नका. डब्यावरच्या चिठ्ठीचा आणि पहिल्या दोन-तीन चौकटींचा फोटो काढून चित्रपट संग्रहालयाला कळवा.

भुसावळहून एक वाचक: आमच्या आत्याबाई साठच्या दशकात मराठी चित्रपटांत छोटी कामे करत. आता त्या नाहीत. तीन छायाचित्रे उरली आहेत, चित्रपटांची नावे कुणालाच ठाऊक नाहीत. शोध लागेल का?

लागू शकतो, पण टायटल्सवर भिस्त ठेवू नका. रोजावर काम करणाऱ्यांची नावे तिथे येत नसत.

छायाचित्रांच्या पाठी आधी बघा. रबरी शिक्का, स्टुडिओचे नाव, निगेटिव्हचा क्रमांक, पेन्सिलीतली अक्षरे, सगळे उतरवून घ्या. पाठ प्लॅस्टिकसारखी गुळगुळीत असेल तर ती प्रत १९७० च्या सुमाराची किंवा नंतरची, निगेटिव्ह मात्र जुनी असू शकते. फोटो काचेला चिकटला असेल तर सोडवू नका, पापुद्रा काचेवरच राहतो. काचेसकट, बाजूने उजेड टाकून, त्याचा फोटो काढा.

मग घरच्यांना प्रश्न विचारायचे. “कुठला सिनेमा” याचे उत्तर मिळणार नाही. कोल्हापूरला जात की पुण्याला? मुक्काम कुणाकडे? कुठल्या नटाचे किस्से सांगत? लग्नाआधी की नंतर? पडद्यावर नाव वेगळे होते का? कोल्हापूर एवढे जरी कळले तरी जयप्रभा आणि शालिनी या स्टुडिओंत झालेल्या चित्रपटांपासून सुरुवात करता येते.

चित्रपट संगणकावर बघा आणि गर्दीच्या जागा थांबवून बघा: लग्न, पाणवठा, तमाशाचा फड, पंगत. शंका आली की तास-मिनिट-सेकंद लिहा आणि चौकट जतन करा. ओळख पटवताना केस, भुवया, कुंकू यांकडे पाहू नका, ती रंगभूषाकाराची कामे. कान बघा. पाळी गालाला चिकटलेली की सुटी, कानाच्या वरच्या कडेची घडी, वरच्या दातांमधली फट, हनुवटीचा वळसा. या गोष्टी वीस वर्षांतही फारशा बदलत नाहीत. चौकट घरातल्या दोघांना वेगवेगळी दाखवा, एकमेकांसमोर नाही. दोघांनी न सुचवता तीच बाई दाखवली तर वर चाळीसगावच्या वाचकाला सांगितली तशी यादी करून तीत पुस्तिकेइतका पुरावा समजून ‘ब’ द्या, एकानेच दाखवली तर पेन्सिलीने लिहा. तीनही छायाचित्रांच्या दोन्ही बाजूंचे स्कॅन आमच्याकडे पाठवा, मूळ प्रती पोस्टाने पाठवू नका.